बाईंची सोयरीक

घोडीला नवरा शोधण्यात तीन उन्हाळे घालवणारा आणि पोटच्या मुलाचं लग्न मात्र एका कप चहात ठरवणारा माणूस या पृथ्वीवर एकच आहे, आणि तो माझ्या ताईचा सासरा आहे. संगमनेरपासून मोटरसायकलने अर्ध्या तासावर, प्रवरेच्या काठी त्यांचं गाव. ताई त्यांना मामा म्हणते म्हणून मीही मामा म्हणतो. ते मला 'पाव्हणं' म्हणतात. ताईच्या लग्नाला आता बरीच वर्षं झाली, मी त्यांच्या ओट्यावर असंख्य वेळा जेवलो, एकदा पावसात भिजल्यावर त्यांचा पायजमा घालून दोन दिवस राहिलो. पण माझं पाव्हणेपण काही सुटलं नाही. मामांच्या जगात जो माणूस म्हशीची धार काढू शकत नाही तो कायमचा पाव्हणा असतो.

गाव त्यांना डॉक्टर म्हणतं. ते डॉक्टर नाहीत. दूध संघाच्या नोकरीत त्यांनी तीस वर्षं गाई भरवल्या. मोटरसायकलच्या मागच्या सीटला नायट्रोजनचं कॅन, कॅनमध्ये गोठवलेल्या बीजाच्या कांड्या, खिशात हातमोजे, आणि ज्याची गाय माजावर येईल त्याच्या गोठ्यात डॉक्टर हजर. 'तालुक्यातल्या निम्म्या कालवडी माझ्या हायेत,' असं ते परक्या माणसाला बेधडक सांगतात आणि त्याचा चेहरा कसा होतो ते बघत बसत नाहीत, कारण त्यात हसण्यासारखं काही आहे हे त्यांच्या लक्षातच येत नाही. रस्त्याने जाताना कुणाच्या गोठ्यातून हंबरणं ऐकू आलं की ते गाडी हळू करतात, मान तिरकी करतात आणि म्हणतात, 'हिला सांच्यापत्तोर येळ हाय.' मग पुन्हा गाडी पळवतात. निवृत्त होऊन इतके दिवस झाले तरी ही सवय गेलेली नाही.

ताईला बघायला ते आमच्या घरी आले तेव्हाची गोष्ट. मी चळवळीच्या पत्रकांवर वाढलेला मुलगा. आमच्या घरी पाहुण्याला आधी पत्रक देतात आणि मग पाणी. हुंडा, मानपान, कूळ, घराणं, पत्रिका या प्रत्येक गोष्टीविरुद्ध आमच्याकडे वेगळा गठ्ठा होता, आणि त्या दिवशी पाहुण्यांनी कुळाचा 'कू' उच्चारला तर काय बोलायचं याची वडिलांनी रात्रभर तयारी केली होती. मामा दारात आले, चपला काढल्या आणि घरात न येता सरळ गोठ्यात गेले. आमची गाय त्यांनी पुढून पाहिली, मागून पाहिली, तिच्या कपाळावर तळवा ठेवला आणि विचारलं, 'हिच्या आईच्या मागच्या डाव्या पायाला पांढरा पट्टा हुता का?' वडील म्हणाले, होता. 'मंग ही माझ्याच हातची,' मामा म्हणाले, ओट्यावर येऊन बसले, चहा प्यायले आणि सोयरीक झाली. त्यांनी ताईला एकही प्रश्न विचारला नाही, आमची जात-पोटजात विचारली नाही, वडिलांचा पगार विचारला नाही. वडिलांचं भाषण तसंच पोटात राहिलं. ते अजून तिथेच आहे आणि अधूनमधून जेवताना बाहेर येतं.

असा हा माणूस. मी त्याला मनातल्या मनात आमच्या चळवळीचा नैसर्गिक सभासद समजत होतो. मग बाई आल्या.

मामांच्या एका जुन्या सहकारी मित्राचा मुलगा जनावरांचा डॉक्टर झाला, हा मात्र खराखुरा, आणि पुण्याच्या पलीकडे शर्यतीच्या घोड्यांच्या एका पैदास फार्मवर नोकरीला लागला. त्या फार्मवर एक घोडी होती. अस्सल थरोब्रेड, म्हणजे जिच्या बापाचं, आज्याचं, पणज्याचं नाव विलायती वहीत छापलेलं असतं आणि जिला जन्मल्याबरोबर माणसांपेक्षा लवकर ओळखपत्र मिळतं अशी. ती चौदा शर्यती पळाली होती. त्यातली एक जिंकली, दोनदा दुसरी आली, बाकीच्या वेळी ती शर्यतीला हजर होती एवढंच म्हणता येईल. मग पुढच्या पायाची शीर दुखावली म्हणून तिला पैदाशीला घेतलं. दोन शिंगरं झाली, ती कुठेतरी विकली गेली. नंतर लागोपाठ दोन वर्षं ती रिकामी राहिली आणि वहीतून तिचं नाव गेलं नसलं तरी फार्मवरची जागा गेली. चौदा शर्यती पळून चौदा वर्षांची झालेली ती घोडी, मामांनी त्या मुलाकडे शब्द टाकल्यामुळे, कांद्याच्या टेम्पोत उभी राहून प्रवरेच्या काठी आली, टेम्पोतून उतरली, गावाकडे एकदा पाहिलं आणि मान फिरवली. मामांनी टोपी काढली.

तिचं कागदावरचं नाव इंग्रजी होतं, त्यात कुठेतरी 'लेडी' होतं. मामांनी त्याचं भाषांतर करून टाकलं. बाई. आणि त्या दिवसापासून 'बाई आल्या, बाई जेवल्या, बाईंना आज बरं न्हाई' असा आदरार्थी कारभार सुरू झाला. मामींना ते 'अगं ए' म्हणतात. सुनेला 'पोरी' म्हणतात. आमदार आले तर त्यांना 'या बसा' एवढंच म्हणतात. पण सकाळी गोठ्याचं दार उघडताना मी त्यांना स्वतःच्या कानांनी म्हणताना ऐकलंय, 'बाई, उटला का?' बाईंना कडवळ चाललं नाही, उसाचं वाढं तर त्यांनी हुंगूनही पाहिलं नाही. मग मामांनी विहिरीजवळच्या वावरात लसूणघास लावला, तोही गाईंच्या वाट्याचा तुकडा काढून. बाईंच्या पाठीवर कुणी बसायचं नाही. बाईंसमोर कुणी शिवी द्यायची नाही. बाई फिरायला निघाल्या की ओट्यावर बसलेल्यांनी पाय आत घ्यायचे. दर्ग्याजवळच्या वळणावर ट्रॅक्टरवाल्यांनी गाणी बंद करायची. एका ट्रॅक्टरवाल्याने विचारलं, 'डॉक्टर, घोडीला गान्याचं काय कळतंय?' मामा म्हणाले, 'कळतंय म्हनून तर बंद कर म्हनतो.'

आणि तो व्हिडिओ. बाईंनी जिंकलेली एकुलती एक शर्यत मित्राच्या मुलाने मामांच्या मोबाईलवर पाठवली होती, सव्वा मिनिटाची. मामांनी ती शर्यत प्रत्यक्ष कधी पाहिली नाही, पण त्यांच्या घरी आलेल्या प्रत्येकाला ती बघावी लागते: सोनईहून गाय विकायला आलेल्या माणसाला, मतदार यादीवाल्या मास्तरांना, मीटरचं रीडिंग घ्यायला आलेल्याला. शर्यत सुरू झाली की मामा बोलायचे थांबतात. अर्ध्या मिनिटाला, बाई पाचव्या असताना, त्यांच्या कपाळावर घाम येतो. वळणावर ते बघणाऱ्याचं मनगट धरतात. 'आता बगा. आता हितून बगा.' आणि बाई बाहेरच्या बाजूने एकेकीला मागे टाकत पुढे येतात, आणि त्या पोचेपर्यंत मामा श्वास घेत नाहीत. जणू या वेळी त्या हरतीलही. शर्यत संपली की ते मोबाईल पुसून खिशात ठेवतात आणि म्हणतात, 'निगाल्या पुडं.' हजारदा बघितलेल्या शर्यतीचा निकाल दर वेळी नव्याने कळणारा दुसरा माणूस मी पाहिलेला नाही.

माझा विरोध तत्त्वाचा होता. श्रीमंतांचा जुगार, त्यात पळणार घोडा, जिंकणार मालक आणि घरदार बुडणार तिकीट काढणाऱ्याचं. या विषयावर मी रागाने एक पत्रक लिहिलं, छापलं आणि पहिली प्रत मामांना नेऊन दिली. त्यांनी ते ओट्यावर बसून पहिल्यापासून शेवटपर्यंत बोट फिरवत वाचलं. 'लई झ्याक लिवलंय, पाव्हणं,' ते म्हणाले. 'पन ह्या कुटं जुगार खेळल्या? ह्या नुसत्या पळाल्या.' मग पत्रक बाईंना दाखवायला म्हणून गोठ्यात नेलं. बाईंनी हुंगलं आणि खाल्लं. मामांनी माझ्याकडे अभिमानाने पाहिलं. 'बगा. पार शेवटपत्तोर.'

बाईंना आणण्यामागे एक इच्छा होती, आणि ती मामांनी मला एकदा घासाला पाणी देताना सांगितली. 'पाव्हणं, तीस वरीस मी कांड्या वाहिल्या. कांडीवर नंबर. त्यो नंबर म्हंजी बाप. इतकी वासरं झाली, पन एकाचाबी बाप मी डोळ्यानं बगितला न्हाई.' मित्राच्या मुलाने त्यांना सांगितलं होतं की शर्यतीच्या घोड्यांत कांडीचं काम चालत नाही. घोडा आणि घोडी प्रत्यक्ष समोरासमोर आले पाहिजेत, तरच शिंगराचं नाव विलायती वहीत चढतं आणि ते शर्यतीला उभं राहू शकतं. ज्याची सगळी कला एका फटक्यात निकालात निघाली होती त्या माणसाने हे ऐकून दुःखी व्हायला हवं होतं. मामा हरखले. 'म्हंजी बाप समोर हुबा ऱ्हानार? त्याला नाव आसनार?' बाईंचं एक शिंगरू, बापाच्या नावानिशी, आणि ते एकदा शर्यतीत पळताना बघायचं, एवढंच त्यांना हवं होतं. त्याच मुलाने सांगितलं होतं, बाईंचं वय बघता दोन, फार तर तीन उन्हाळे हातात आहेत.

माणसाच्या लग्नात न विचारलेले सगळे प्रश्न मामांनी बहुतेक घोड्यांसाठी राखून ठेवले होते. त्यांनी शंभरपानी वही घेतली, तिच्या पहिल्या पानावर बाईंचा नऊ पिढ्यांचा वंश लिहिला आणि ते स्थळं बघायला निघाले. पैदास फार्मवर जायचं, घोडा बघायचा, त्याचे दात, खूर, स्वभाव, चाल, आवाज बघायचा, घोडा सांभाळणाऱ्या मोतद्दाराला 'चावतो का?' असं हळूच विचारायचं, आणि मग मॅनेजरकडून त्याचा वंश घेऊन वही उघडायची. पहिल्याच फार्मवर चौथ्या पिढीत दोन्ही बाजूंना एकच आजा निघाला. मामांनी वही मिटली. 'भावकी हाय,' ते म्हणाले. जाकीट घातलेला मॅनेजर हसला. 'काका, ही तर चांगली गोष्ट. असं मुद्दाम जुळवतात.' मामा खुर्चीवरून उठलेच. 'मुद्दाम? भावकीत?' बाहेर आल्यावर मला म्हणाले, 'मानसं जाकिटाची, पन रीत न्हाई.' त्या उन्हाळ्यात सात घोडे नापास झाले. एक भावकीत निघाला म्हणून, एक चावला म्हणून, आणि एक सगळ्या बाबतींत उत्तम असूनही त्याने बाईंच्या फोटोकडे पाहिलं नाही म्हणून. मामींनी भाकरी थापता थापता विचारलं, 'मला आनताना येवढी चवकशी केली हुती का?' मामा म्हणाले, 'तुजी कशाला? तुजं सगळं गाव वळखत हुतं.' मामींनी पुढची भाकरी जरा जोरात थापली.

आता मला माझा अपराध सांगावा लागेल. दुसऱ्या उन्हाळ्याच्या तोंडावर मला हे सगळं असह्य झालं. ज्या माणसाने माझ्या बहिणीचं कूळ विचारलं नाही तो घोडीसाठी कुळाची वही बगलेत मारून फिरतो, हे मला सहन होईना. मी वाचलं, माहिती काढली आणि एका दुपारी ओट्यावर बसून मामांना सुनावलं. म्हटलं, मामा, ही शुद्ध रक्ताची सगळी मिजास खोटी आहे. जगातल्या यच्चयावत थरोब्रेड घोड्यांची बापाकडची रेघ मागे नेली तर ती तीनच घोड्यांपाशी थांबते. अरबस्तान-तुर्कस्तानाकडून विलायतेत नेलेले तीन घोडे. बाकी सगळी त्यांचीच पिल्लावळ. मग कसलं कूळ आणि कसलं घराणं? मामांनी मान खाली घातली. मला वाटलं, घाव बसला. मग त्यांनी खिशातून पेन काढलं.

'म्हंजी कुळं तीन,' ते म्हणाले.

मी म्हटलं, 'मामा, मी म्हणतोय की...'

'कूळ बापाकडनं. बाईंचं कूळ कोन्तं?'

कोणतं ते शोधायला मला वेळ लागला नाही, आणि मी ते सांगितलंही. माहिती लपवणं हे आमच्या तत्त्वात बसत नाही. बाई पहिल्या घोड्याच्या कुळातल्या निघाल्या. अडचण अशी की आज हयात असलेले बहुतेक सगळेच त्याच कुळातले आहेत. बाकीच्या दोघांचा वंश फार थोडा उरलाय. म्हणजे मामांच्या रीतीप्रमाणे देशातले जवळजवळ सगळे घोडे बाईंचे भाऊ लागत होते. ज्या वाक्याने कुळाचा पाया उखडायचा तेच वाक्य मामांनी पायात भरलं आणि त्यावर भिंत बांधली. तो सगळा उन्हाळा दुसऱ्या किंवा तिसऱ्या कुळातला घोडा शोधण्यात गेला. सरते शेवटी एक सापडला. आम्ही दोघं एसटीने गेलो, पुढे रिक्षाने गेलो, आणि उन्हात एका लिंबाखाली उभा असलेला तो दुसऱ्या कुळातला घोडा पाहिला. पाठ खोल गेलेली, खालचा ओठ लोंबलेला, डोळे मिटलेले. मोतद्दार म्हणाला, 'आता त्याच्याकडून काय व्हनार न्हाई, बाबा. पेन्शनीत हाय त्यो.' मामांनी त्याच्या मानेवर हात ठेवला आणि बराच वेळ ठेवला. परतीच्या एसटीत ते एवढंच बोलले, 'मानूस चांगला हुता. उशीर झाला.' मी खिडकीबाहेर पाहत राहिलो. बाईंचे दोन उन्हाळे गेले होते, त्यातला एक माझ्या विद्वत्तेने खाल्ला होता.

तिसऱ्या उन्हाळ्यात मामींनी निकाल दिला. 'देवाला सोडायची हाय का तिला? का भावकी भावकी करत म्हातारी करनार?' मामा दोन दिवस जेवणावरून लवकर उठले आणि मग त्यांनी हार मानली. पहिल्या फार्मच्या त्याच जाकीटवाल्या मॅनेजरला फोन केला, चौथ्या पिढीतला तो एक आजा त्यांनी पोटात घातला आणि सोमवारी टेम्पो ठरला. बाईंच्या मानेवरचे केस त्यांनी स्वतः कातरले.

त्याच्या आदल्या दिवशी, रविवारी, शेजारच्या घरी लग्न होतं. वरातीसाठी कोल्हारहून चाचा आपला नाचाचा घोडा घेऊन आले होते. चाचांचं आणि मामांचं तीस वर्षांचं जाणंयेणं. चाचांच्या म्हशीही मामांच्याच हातच्या. घोड्याचं नाव गुलाब. पांढराशुभ्र, कानांची टोकं एकमेकांना टेकलेली, पायात घुंगरं, अंगावर आरशांची झूल. ऊन फार, वरातीला अवकाश, म्हणून मामांनीच आग्रह करून गुलाबला आपल्या गोठ्याच्या पलीकडच्या पडवीत बांधायला लावलं. 'पाव्हणा हाय, उन्हात कशाला?' मध्ये एक आडवा बांबू होता. मग सगळे जेवायला गेले. चाचा गेले, मामा गेले, मीही गेलो. त्या दिवशी जिलेबी होती.

आम्ही परत आलो तेव्हा बांबू खाली पडला होता, गुलाबची झूल बाईंच्या दावणीत होती आणि दोघं शेजारी शेजारी उभे राहून एकाच पेंढीतला घास खात होते. बाईंच्या चेहऱ्यावर प्रथमच गावाबद्दल काही तक्रार दिसत नव्हती. गाय माजावर आहे हे जो रस्त्यावरून, चालत्या गाडीवरून ओळखतो, त्याला स्वतःच्या गोठ्यातलं कळलं नव्हतं. त्याचं सगळं लक्ष सोमवारच्या टेम्पोकडे होतं.

'डॉक्टर,' चाचा कानाला हात लावून म्हणाले, 'खुदाकसम, दाव्याला दोन गाठी मारल्या हुत्या. मी नुसता जेवायला गेल्तो.'

मामांनी झूल उचलली, झटकली, चाचांच्या खांद्यावर ठेवली आणि घरात जाऊन पडून राहिले. वरातीत गुलाब त्या दिवशी असा नाचला की नवरदेव दोनदा पडता पडता वाचला.

मॅनेजरला मामांनी खरं ते सांगितलं. लपवता आलं असतं, पण तीस वर्षं प्रत्येक वासराचा नंबर बरोबर लिहिलेला माणूस तो. मॅनेजर फोनवर समजुतीने बोलला. 'काका, एवढं मनाला लावून घेऊ नका. थोडे दिवस थांबू. एक इंजेक्शन दिलं की ती मोकळी होईल, पुढच्या माजाला घेऊन या.' ते इंजेक्शन कोणतं हे मामांना त्याच्याहून जास्त ठाऊक होतं. त्यांनी ते गाईंना कितीदा दिलं होतं. बाईंचा हा शेवटचा उन्हाळा. इंजेक्शन दिलं तर वहीत नाव असलेल्या शिंगराची एक शक्यता उरत होती. नाही दिलं तर जे होईल त्याला जगातल्या कोणत्याही वहीत जागा नव्हती, आणि ते कधी शर्यतीत पळणार नव्हतं. इंजेक्शनची बाटली संगमनेरहून आली आणि आठ दिवस देवाच्या फळीवर, हळदीकुंकवाच्या शेजारी उभी राहिली. त्या आठ दिवसांत मामांनी कुणालाही व्हिडिओ दाखवला नाही.

नवव्या दिवशी मी गेलो तेव्हा ते ओट्यावर काहीतरी वाचत होते. जवळ गेलो तर माझंच जुनं पत्रक. 'लग्न ठरवताना मुलीला विचारा.' ते मी गावातल्या प्रत्येक घरात वाटलं होतं आणि एकाही घरात त्याचा उपयोग झालेला नव्हता.

'पाव्हणं, हे तुमी मनापासून लिवलंय का नुसतंच?'

'मनापासून, मामा.'

'मंग आयका. तीन वरसं मी आठ घोडे बगितले. बाईंना एकदाबी इचारलं न्हाई. ह्येला त्या स्वताहून व्हय म्हनल्या.' मग शेजारी पडलेल्या शंभरपानी वहीवर हात ठेवून, अगदी खासगी आवाजात म्हणाले, 'आन दुसरं म्हंजी, कूळबी येगळं हाय. तिन्हीत न्हाई. भावकीचा परश्नच मिटला.'

मी थक्क झालो. मामांच्या रीतीप्रमाणे साऱ्या देशात बाईंना चालण्यासारखं हेच एक स्थळ होतं, आणि ते स्वतः चालत, घुंगरं वाजवत दारात आलं होतं. बाटली त्यांनी विहिरीत टाकली नाही, नीट खड्डा करून पुरली. आणि दुसऱ्या दिवशी नारळ घेऊन कोल्हारला गेले, गुलाबचं घराणं विचारायला. चाचांना त्याचा बाप आठवत होता, आई आठवत होती, आणि आज्याने एकदा कुणा पाटलाला वरातीतून उधळून थेट प्रवरेत नेलं होतं एवढं आठवत होतं. मामांनी ते सगळं शंभरपानी वहीत लिहून घेतलं. प्रवरेतलंही.

अकरा महिन्यांनी, सकाळी गाईंच्या धारा चालू असताना, शिंगरू झालं. घोडी. पाय बाईंचे, लांबच लांब. कान गुलाबचे, टोकाला टोक. मामांनी आयुष्यात पहिल्यांदा बापाला बाळ दाखवायला बोलावलं. चाचा टेम्पोतून गुलाबला घेऊन आले. गुलाबने शिंगराकडे पाहिलं, मग घासाकडे पाहिलं आणि घास निवडला. 'बापच हाय,' मामा समाधानाने म्हणाले. त्या पोरीला नाचायला शिकवायचं असं चाचांचं म्हणणं होतं. मामा म्हणाले, 'आदी तिला इचारू.' ती मात्र कुणाला न विचारता पळायला लागली. घासाच्या वावराला रोज सकाळी फेऱ्या, बाहेरच्या बाजूने, वळणावर जोर धरून. बाई कुंपणाशी उभ्या राहून बघायच्या. मामा मोबाईल काढायचे, घड्याळ लावायचे आणि वेळ न बघताच तो परत खिशात ठेवायचे.

गेल्या थंडीत एका सकाळी त्यांचा फोन आला. 'पाव्हणं, बाई गेल्या. पोट दुखत हुतं. आपल्या हातात काय न्हवतं.' मी पोचलो तोवर विहिरीजवळच्या वावरात माती सारखी केलेली होती. मामा ओट्यावर बसले होते, शंभरपानी वही मांडीवर. ती त्यांनी माझ्यापुढे केली.

'तुमी लिवता ना? एक पत्रक लिवा.'

'कशाविरुद्ध?' मी सवयीने विचारून गेलो.

'इरुद्ध न्हाई. मानूस गेल्यावर छापत्यात, तसलं.'

कुळाविरुद्ध हात दुखेपर्यंत लिहिलेल्या मी त्या दिवशी कूळ लिहिलं. अमुकची मुलगी, तमुकची नात, पणती, खापरपणती, सगळी इंग्रजी नावं देवनागरीत, नऊ पिढ्या. चौदा शर्यती, एक विजय. मामांनी बोट फिरवत वाचलं. पहिल्या दोन शिंगरांचं काय लिहायचं ते मला कळत नव्हतं. मामा म्हणाले, 'थोरली दोन बाहेरगावी असत्यात, तसं घाला.' मग म्हणाले, 'आन गुलाबचं नाव वरती घ्या. खाली नगं. वर समदी हायेत, तितंच.' शेवटची ओळ मी न विचारता लिहिली: त्यांच्या मागे एक मुलगी आहे.

छापखानावाला शंभराच्या खाली छापत नाही. मामांनी त्यातली एकच प्रत घेतली आणि बाकीचा गठ्ठा ट्रंकेत ठेवला. गावात वाटायची कल्पना त्यांना असभ्य वाटली. ती एक प्रत त्यांनी गोठ्यात, शिंगराच्या डोळ्यांच्या उंचीवर, दोन खिळ्यांनी लावली.

पंधरा दिवसांनी गेलो तेव्हा पोरगी ते खात होती. नऊ पिढ्या गेल्या होत्या, शर्यती गेल्या होत्या, गुलाब अर्धा उरला होता. खाली एक फाटकी पट्टी आणि त्यावर शेवटची ओळ. मी धावलो, कागद सोडवायला हात घातला. मामांनी मागून माझं मनगट धरलं. तसंच, वळणावर धरतात तसं.

'ऱ्हाऊ द्या, पाव्हणं,' ते म्हणाले. 'तिचंच हाय.'